घरातली पाव्हणी

परवा प्रमोदनं मोबाइलवर ती फिल्म पाठवली. खाली नुसतं लिहिलं होतं, 'ताई, तुमच्याकडे असू द्या.' मी स्वयंपाकघरात उभ्या उभ्या बघितली. फिल्म मुकी आहे, त्यामुळे नवऱ्याला वाटलं मी बंद मोबाइलकडे बघत बसलेय. "काय झालं?" त्यानं विचारलं. काय झालं ते सांगायला बराच वेळ लागला असता, म्हणून मी कांदा चिरायला घेतला. कांद्याचा तेवढा तरी उपयोग असतो.

फिल्ममधली बाई म्हणजे आमच्या शाळेतल्या रत्नमाला मॅडम. मानवतच्या अलीकडच्या एका गावात आमची जिल्हा परिषदेची शाळा. मी परभणीहून एसटीनं जायचे, आणि रत्नमालाचं सासर त्याच गावात, शाळेपासून हाकेच्या अंतरावर. तरी उशीर तिलाच व्हायचा. "लांबून येणाऱ्याला गाडीचा धाक असतो ताई, जवळच्याला कुणाचा असणार?" असं म्हणून हसायची. हसताना तोंडावर हात किंवा पदर घ्यायची सवय तिला नव्हती. गावात ही गोष्ट लोकांच्या लक्षात राहते.

पहिलीच्या पोरांनाही ती अहो-जाहो करायची. "अहो ज्ञानेश्वरराव, नाक पुसा आणि बाराखडी म्हणा." ज्ञानेश्वरराव चड्डी सावरत उठायचे आणि खरोखर म्हणायचे. मी एकदा म्हटलं, डोक्यावर बसतील ही कार्टी. तर म्हणाली, "घरी ह्यांना सगळे अरे-तुरेच करतात. एका ठिकाणी तरी राव होऊ द्या की." डबा खाताना लोणचं आधी संपवायची आणि मग माझ्या लोणच्याकडे बघायची. चेहऱ्यावर काही लपवता येत नसे तिला. राग आला तर कान लाल व्हायचे, खोटं बोलायची वेळ आली तर ती सरळ गप्पच बसायची.

तिचा नवरा शेतातल्या मोटारीच्या स्टार्टरला हात लावताना गेला. लेक कार्तिकी तेव्हा पाच-सहा वर्षांची असेल. पुढं एकदा तपासणीला आलेल्या साहेबांनी चहा पिताना विचारलं, "आपले मिस्टर काय करतात?" रत्नमाला म्हणाली, "काही नाही करत. वारले." साहेबांच्या बशीत चहा सांडला. आम्हाला हसावं की रडावं कळेना. पण ती उद्धट नव्हती. विचारलं तेवढंच सांगायची, बस्स.

नवरा गेला तेव्हा ती रडली नव्हती, असं गावात बोललं जायचं. मी तिला कधी विचारलं नाही, तिनंच एकदा सांगितलं. "रडायला बायका इतक्या आल्या ताई, की माझा नंबरच लागला न्हाई."

हे वाक्य मी विसरणार नाही. पुढचं सगळं मला तरी त्यातूनच आलेलं दिसतं.

प्रमोद तिचा जुना विद्यार्थी. पुण्याला जाऊन सिनेमा शिकून आला होता. त्याला एक मूकपट करायचा होता. मूक का, तर पैसे नाहीत, आणि गावात आवाज घ्यायची सोय नाही. एकीकडे पिठाची गिरणी, एकीकडे ट्रॅक्टर, मधे कुणाच्या तरी घरी डीजे. गोष्ट साधी होती. एक विधवा आणि एक बिजवर, त्यांचा जीव एकमेकांवर जडतो, लोक नावं ठेवतात, तरी लग्न होतं. "बाई, तुमच्याइतका बोलका चेहरा मला पुण्यातबी दिसला न्हाई," असं म्हणून तो तिच्या मागंच लागला. ती सासूला विचारून हो म्हणाली. सासू, म्हणजे गयाबाई, म्हणाल्या, "शाळेतलं नाटकच की. कर."

बिजवराचं काम करायला प्रमोदनं पिंगळीहून आपल्या मामाला आणलं. किसनराव त्यांचं नाव. पिंगळी स्टेशनाजवळ त्यांचं चहाचं हॉटेल, बायको वारलेली, मूलबाळ नाही. मोजकं बोलणारा माणूस. दर वेळी येताना रुमालात बांधून गरम भजी आणायचे आणि ती कुणासाठी आणलीत ते न सांगता टेबलावर ठेवून द्यायचे.

पहिल्या दिवशी रडण्याचा प्रसंग घेतला. प्रमोद म्हणाला, "बाई, नवरा गेल्याची बातमी आली असं समजा." रत्नमाला दाराच्या चौकटीला टेकली आणि खाली बसली. सुरुवातीला काहीच झालं नाही. मग ती रडायला लागली ती थांबेना. प्रमोदनं कॅमेरा कधीच बंद केला होता, तरी ती रडत होती. आम्ही कुणीच पुढं झालो नाही. किसनराव तेवढे तांब्या भरून घेऊन आले, तिच्याजवळ ठेवला आणि पाठ फिरवून उभे राहिले, कुणाला ती दिसू नये म्हणून. तिनं त्या पाठीकडे वर मान करून बघितलं. कॅमेरा बंद होता, म्हणून ते फिल्ममध्ये नाही. मी मात्र पाहिलं.

मग लग्नाचा प्रसंग. इथं चूक झाली, आणि अशी चूक आमच्याच गावात होऊ शकते. प्रमोदनं मंडपाचा खर्च वाचवायला मारुतीच्या पारावर अंतरपाट धरला आणि गावातल्याच गुरुजींना उभं केलं. त्यांना समजावलं, "गुरुजी, मुका पिच्चर हाय. नुसते ओठ हलवा." गुरुजी चिडले. "मंत्र म्हटल्याशिवाय ओठ कसे हलतील? खोटं पुटपुटायची सवय न्हाई मला." आणि त्यांनी सगळं साग्रसंगीत म्हटलं. वऱ्हाडी म्हणून बोलावलेल्या बायका घरून लाल ज्वारीच्या अक्षदा घेऊन आल्या होत्या, लग्नाला निघालं की हात आपोआप डब्यात जातो तशा. एका म्हातारीनं तर ब्लाउजपीस आहेर केला. प्रमोदला वेगवेगळ्या बाजूंनी चित्र हवं होतं, त्यामुळे अंतरपाट एकदा नाही, तीनदा पडला. आम्ही पोट धरून हसलो. रत्नमालाच्या कपाळी कुंकू होतं, हातात हिरवा चुडा. दुपारी तिनं तोंड धुतलं, चुडा काढून प्रमोदच्या पिशवीत टाकला आणि घरी जाऊन भाकरी थापल्या.

आखाड तळायच्या दिवसांत प्रमोदनं त्याच पारावर पांढरी चादर बांधून गावाला फिल्म दाखवली. आवाज नसलेला सिनेमा गावानं पहिल्यांदा पाहिला. काही वेळ सगळे गप्प होते. मग पडद्यावरची माणसं बोलत नाहीत म्हणून बघणारेच त्यांच्या वतीनं बोलायला लागले. "हितं ती म्हणायली, मला घिऊन चला." "तो म्हणतोय, लोकायला काय भ्यायचं." "बघ की कशी बघायली त्याच्याकडं." प्रमोदनं एकही शब्द लिहिला नव्हता, गावानं सगळे लिहिले. लग्नाचा प्रसंग आला तेव्हा कुणीतरी म्हातारा अंधारातून बोलला, "हे लगीन तर आपल्या गुरुजीनं लावलेलं हाय. अक्षदा आमीच टाकल्या."

पुढच्या रांगेत गयाबाई बसल्या होत्या. पडद्यावर सून किसनरावांकडे बघत होती, आणि त्या बघण्यात नाटक नव्हतं. ते मला दिसलं, तर सासूला दिसणार नाही का?

दुसऱ्या दिवशी रत्नमाला शाळेत आली ती हसतच. "काल घरी गेले तर आत्यांनी दारात पाय धुवायला पाणी आणून दिलं. म्हणाल्या, 'या, बसा.' मला वाटलं हिरॉइन झाले म्हणून चेष्टा करायल्यात." सासूला ती आत्या म्हणायची. आम्हीही हसलो.

तिसऱ्या दिवशी तिनं सांगितलं की तिला स्वयंपाकघरात येऊ देत नाहीत. "पाव्हणीनं चुलीपाशी यायचं नसतं," म्हणाल्या गयाबाई. ताट वाढून बाहेरच्या खोलीत येतं. चहा कपबशीत येतो, घरातले बाकी सगळे पितळीत पितात. झोपायला नवी सतरंजी आणि नवी चादर, पण बाहेर. कार्तिकी आत, आजीजवळ. हे सांगताना ती हसत नव्हती.

कुणी तिला एक वाकडा शब्द बोललं नाही. बोलले असते तर बरं झालं असतं, तिला उलट बोलता येत होतं. दीर आदरानं उठून उभा राहायचा. जाऊ सुनीता डोक्यावर पदर घेऊन वाकायची. रस्त्यात बायका थांबून विचारायच्या, "कधी आलाव? मुक्काम हाय का?" ज्या बायकांबरोबर ती दहा वर्षं नळावर भांडली होती, त्या. पंधरा ऑगस्टला झेंड्यापाशी आम्ही शिक्षक ओळीत उभे होतो, तर सरपंचांनी तिला हाताला धरल्यागत अदबीनं नेऊन खुर्चीवर बसवलं, शाल दिली, नारळ दिला. "गावच्या पाव्हण्या" असं माइकवर म्हणाले. पोरांनी टाळ्या वाजवल्या. तिचे कान लाल झाले होते. मला त्या दिवशी पहिल्यांदा भीती वाटली. पाहुणचार जितका मोठा, तितका पाहुणा लवकर निघावा अशी इच्छा असते, हे आपण सगळेच जाणतो.

आणि दाराशी पिशवी आली. एक दिवस तिच्या दोन साड्या घडी करून त्या पिशवीत ठेवलेल्या. तिनं उचलून कपाटात ठेवल्या. दुसऱ्या दिवशी परत पिशवीत, सोबत तिचा कंगवा. मग तिची डी.एड.ची प्रमाणपत्रं, मग लग्नातला शालू. कोण भरतं ते तिला कधी दिसलं नाही. पिशवी तेवढी रोज फुगत होती.

मी गयाबाईंना जाऊन भेटले. माझा स्वभाव तापट, मी भांडायच्याच तयारीनं गेले होते. त्यांनी मला पाट दिला, पाणी दिलं आणि शांतपणे म्हणाल्या, "मी काय वंगाळ केलं, मॅडम? माझ्या पोराची बायको व्हती तवर कामाला लावलं, चार शब्द बोलले. आता दुसऱ्याची हाय. दुसऱ्याच्या बायकूकडून भांडी घासून घिऊ का?"

"अहो, ते नाटक होतं!"

"मंत्र नाटकाचे व्हते का? अक्षदा नाटकाच्या व्हत्या का?" त्यांचा आवाज तसाच, खालचा. "आन् तिची नजर? तीबी नाटकाचीच म्हणताव का?"

म्हातारी खोटं बोलत नव्हती. तिला खरंच वाटत होतं की सून गेली, आणि गेलेल्या सुनेचं लेकरू मागं राहतं. आमच्याकडे मोहतूर, म्हणजे विधवेचं दुसरं लग्न, लावलेल्या बाईचं पोर पहिल्या घराण्यात राहतं, हे मी लहानपणापासून ऐकत आले होते. ते माझ्या डोळ्यांसमोर होईल असं मात्र वाटलं नव्हतं.

"कार्तिकी?" मी विचारलं.

"ती आमची हाय," गयाबाई म्हणाल्या. "पाव्हणीनं जाताना वटी न्यायची. लेकरू न्हाई."

तिकडे किसनरावांनी प्रमोदबरोबर निरोप पाठवला होता. त्या माणसानं आयुष्यात पाठवलेला तो सगळ्यात लांब निरोप असेल. 'बाई आल्या तर घर हाय. न्हाई आल्या तरी माझी काही तक्रार न्हाई.' प्रमोद बाईंसमोर बसून ढसाढसा रडला. तिनंच त्याची समजूत काढली, "अहो प्रमोदराव, डोळे पुसा."

मी तिला सरळ विचारलं, "तुला जायचंय का?"

शाळा सुटली होती, वर्गात आम्ही दोघीच होतो. ती फळा पुसत होती. "जायचंय," ती म्हणाली. "खोटं कशाला बोलू ताई. त्या माणसानं पाठ फिरवून मला रडू दिलं. असं कुणी केलं नव्हतं. पण कार्तिकीला घेऊन जायचंय."

"मग घेऊन जा. कायद्यानं पोर तुझी आहे. पोलिसात चल, मी येते."

"काय तक्रार करू? सासूनं कपबशीत चहा दिला? नवी चादर दिली? सरपंचांनी शाल घातली?" ती वळली. "आणि कोर्टात कार्तिकीला उभं करतील. कुणाकडं राहायचं बाळ, म्हणून विचारतील. नऊ वर्षांचं लेकरू हो. आजीच्या कुशीत झोपतं ते."

श्रावणाच्या शेवटच्या शुक्रवारी गयाबाईंनी आम्हा दोघींना सवाष्ण म्हणून जेवायला बोलावलं. मला, आणि स्वतःच्या विधवा सुनेला. आदल्या दिवशी कासाराला घरी बोलावून तिचे हात हिरव्या बांगड्यांनी भरले. ती नको म्हणाली नाही. मला म्हणाली, "बघू, काय करतात ते." काय करणार ते तिलाही ठाऊक होतं आणि मलाही. दुपारच्या सुट्टीत आम्ही गेलो तेव्हा दाराबाहेर जीप उभी होती. पिशवी तिच्यात ठेवलेली दिसत होती. ड्रायव्हर पिंगळीचा रस्ता कुणाला तरी विचारत होता.

भिंतीवर जिवतीचा कागद चिकटवला होता, त्याला कापसाची माळ. पुरणाचा वास घरभर. गयाबाईंनी तिच्या कपाळी कुंकू लावलं, चांगलं ठसठशीत. हिरवी साडी दिली. तांदूळ, नारळ, खण घालून ओटी भरली. हे सगळं करताना मला वाटतं त्यांनाही रडू येत होतं. पोटच्या पोराची बायको स्वतःच्या हातानं दुसऱ्याची करून देणं सोपं नसणार. पण मला तेव्हा त्यांची कीव आली नाही, संताप आला.

आम्ही पानावर बसलो. समोर पाटावर कार्तिकी, नवा फ्रॉक घातलेली. शेवटच्या शुक्रवारी आई लेकराला ओवाळते. सुनीता तबक घेऊन आली. तबकात पुरणाचे दिवे पेटवले होते. ती कार्तिकीसमोर वाकली. कार्तिकीनं तबकाकडे बघितलं नाही, आईकडे बघितलं. म्हणाली, "आई, काकू का ओवाळायली?"

बाहेर ड्रायव्हरनं हॉर्न वाजवला.

रत्नमाला पानावरून उठली. जिवतीची सवाष्ण भरल्या पानावरून उठत नाही. माजघरातल्या बायकांच्या तोंडून बारीक आवाज निघाला. मला वाटलं ती पोरीला उचलेल आणि चालायला लागेल. मी उठायच्या तयारीत होते. पण ती ओटी तशीच धरून देवापाशी गेली, ती तिथं सोडली, आणि कोपऱ्यातल्या पाट्यापाशी बसली. वरवंटा बाजूला सारला. आणि दोन्ही हात त्या दगडावर आपटले.

एकदा आपटून सगळ्या बांगड्या फुटल्या नाहीत. तिनं पुन्हा आपटले. मग पदराचं टोक घेतलं आणि कपाळ पुसलं, पोरांचं नाक पुसावं तसं, आडव्या हातानं. तोंडातून आवाज नाही.

"आत्या," ती म्हणाली, "मी तुमच्याच पोराची बायको हाय. त्याच्या मागं राहिलेली. आता कुठली पाव्हणी आन् कुठली काय."

गयाबाई तिच्या कपाळाकडे बघत राहिल्या. मग त्यांनी डोळ्याला पदर लावला आणि महिनाभरात पहिल्यांदा तिला नावानं हाक मारली.

"रत्ने, आमटी उतू चालली. बघ जरा."

ती चुलीपाशी गेली. सुनीतानं पुन्हा तबक उचललं, कारण ओवाळायला सवाष्ण लागते, आणि आता त्या घरची दुसरी सवाष्ण कुणी नव्हती. कार्तिकी मान वळवून चुलीकडे बघत होती. "हिकडं बघ गं, समोर," आजी म्हणाली आणि तिची हनुवटी धरून सरळ केली. दिराचा बाहेर कुणाशी तरी बोलण्याचा आवाज आला. पिशवी काढून ओसरीवर ठेवली आणि जीप रिकामीच निघून गेली.

त्याच दिवाळीनंतर माझी बदली परभणीला झाली. किसनराव पुढं काय करतात, मी कधी विचारलं नाही. रत्नमाला त्याच घरात आहे, कार्तिकी दहावीला बसलीय, असं प्रमोद सांगतो. नंतर आमची भेट नाही. माझ्या डोळ्यांपुढं येते ती त्या दुपारचीच.

मीही पानावरून उठत होते. गयाबाईंनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. "तुमी बसा. तुमी सवाष्ण हाव. घास टाकून उठू नका, पोरीच्या नावचं जेवण हाय." पोरीच्या नावचं म्हटल्यावर मी बसले.

स्वयंपाकघरातून रत्नमाला पोळ्यांची परात घेऊन बाहेर आली. एका मनगटावर दोन ठिकाणी काच लागली होती. रक्त पोळीला लागू नये म्हणून तिनं ते मनगट पदरात गुंडाळलं होतं आणि दुसऱ्याच हातानं वाढत होती. माझ्यासमोर वाकली, पोळी घातली आणि तुपाची वाटी हातात घेऊन थांबली.

"ताई, तूप वाढू?"

मी हो म्हणाले.